एका शब्दाने वाचवलेले बेट

इंडोनेशियातील सुमात्राच्या पश्चिम किनाऱ्यापासून सव्वाशे-दीडशे किलोमीटरवर, भर हिंदी महासागरात सिमलू नावाचे लांबट बेट आहे. त्याच्या उत्तर टोकाला लांगी हे गाव. २६ डिसेंबर २००४ रोजी सकाळी आठला एखादे मिनिट कमी असताना गावाखालची जमीन हलू लागली. भूकंपाचे केंद्र तिथून अवघ्या ४० किलोमीटरवर होते. धक्के थांबले आणि दहा मिनिटांच्या आत दहा मीटरहून उंच लाटा लांगीवर येऊन आदळल्या. गाव धुऊन निघाले, घरे उरली नाहीत. पण गावातली सुमारे ८०० माणसे वाचली. सगळी.

त्या दिवशी हिंदी महासागराच्या काठावरच्या देशांमध्ये मिळून दोन लाखांहून अधिक माणसे मरण पावली. सिमलू बेटाची लोकसंख्या तेव्हा ७८ हजारांच्या आसपास होती. भूकंपाच्या केंद्राला इतकी जवळ दुसरी मोठी वस्ती नव्हती. तिथे दगावलेल्यांचा आकडा नोंदला गेला तो सात.

हे कसे घडले, याचा शोध घेण्यासाठी काही महिन्यांनी ब्रायन मॅकअडू आणि त्यांचे सहकारी हे भूशास्त्रज्ञ बेटावर गेले. लाटा किती उंच होत्या, पाणी किती आत शिरले, याची मोजमापे त्यांनी घेतलीच. पण माणसांशीही बोलले. ज्यांच्याशी बोलले त्या प्रत्येकाने एकच शब्द सांगितला. स्मोंग.

हा शब्द देवायान भाषेतला आहे. सिमलूवर देवायान बोलणारे बहुसंख्य. त्यांच्याखेरीज बेटाच्या पश्चिम भागात सिगुलाई बोलली जाते, वायव्येकडच्या दोन गावांपुरती लेकोन नावाची तिसरी बोली आहे आणि मुख्य शहर असलेल्या सिनाबांगमध्ये सुमात्राहून आलेल्या व्यापाऱ्यांची जामु बोली चालते. शंभरेक किलोमीटर लांबीच्या बेटावर इतक्या भाषा! आपल्याकडे दर बारा कोसांवर भाषा बदलते म्हणतात, तिथे तेवढेही चालावे लागत नाही.

या भाषा ऑस्ट्रोनेशियन कुळातल्या. हे कूळ म्हणजे भाषाशास्त्रातले एक नवल आहे. सुमारे बाराशे भाषांचा हा गोतावळा तैवानपासून सुरू होतो, फिलिपिन्स, इंडोनेशिया, न्यूझीलंड, हवाई असा पसरत पूर्वेला ईस्टर बेटापर्यंत जातो आणि पश्चिमेला थेट आफ्रिकेलगतच्या मादागास्करपर्यंत. होडीतून गेलेल्या माणसांनी ही भाषा बरोबर नेली. ‘पाच’ला मलय भाषेत ‘लिमा’ म्हणतात, हवाईतही ‘लिमा’, न्यूझीलंडच्या माओरींमध्ये ‘रिमा’ आणि मादागास्करमध्ये ‘दिमी’. डोळ्याला मलयमध्ये ‘माता’, माओरीत ‘माता’, हवाईत ‘माका’, मादागास्करमध्ये ‘मासो’. हजारो मैलांचा समुद्र मध्ये असूनही नात्याची खूण पटते.

सुमात्राच्या पश्चिमेला सिमलू, नियास, मेंतावाई, एंगानो अशी बेटांची माळ आहे. प्रत्येक बेटावर या कुळातली वेगळी भाषा. ही माळ तिथे का आहे, याचे उत्तर भूगर्भात आहे. हिंदी महासागराचा तळ वर्षाला साधारण पाच सेंटिमीटर या गतीने सुमात्राच्या खाली सरकतो. दोन भूपट्टांच्या या घर्षणात वरच्या पट्टाची कड उचलली गेली आणि समुद्राबाहेर आली. तीच ही बेटे. म्हणजे ज्या हालचालीने या लोकांना राहायला जमीन दिली, त्याच हालचालीतून भूकंप होतात आणि लाटाही येतात. २००४ च्या भूकंपात सिमलूचा वायव्य भाग दीड मीटरपर्यंत वर उचलला गेला. किनाऱ्यालगतची प्रवाळे पाण्याबाहेर येऊन मेली. त्या भागात समुद्र कायमचाच मागे हटला.

आता ‘स्मोंग’चा अर्थ. ‘त्सुनामी’ असा एका शब्दात अनुवाद केला तर अर्धा अर्थ निसटतो. जपानी भाषेत ‘त्सु’ म्हणजे बंदर आणि ‘नामी’ म्हणजे लाट. तो शब्द लाटेचे नाव आहे. स्मोंगमध्ये सगळा घटनाक्रम येतो. आधी जोराचा भूकंप, मग समुद्राचे मागे हटणे, मग लाट. आणि या सगळ्याला जोडलेली कृती म्हणजे डोंगराकडे पळणे. शब्द कानावर पडला की पुढचे वाक्य सांगावे लागत नाही. ‘आग!’ अशी हाक ऐकल्यावर आपण ‘कुठे, किती अंशांची’ असे विचारत नाही, तसेच.

हा शब्द बेटाला १९०७ साली महागात मिळाला. त्या वर्षी ४ जानेवारीला सुमात्राच्या पश्चिमेला समुद्राखाली भूकंप झाला. समुद्र आटल्यासारखा मागे गेला आणि तळ उघडा पडला. तडफडणारे मासे दिसल्यावर माणसे ते गोळा करायला खाली उतरली. मग लाट आली. सिमलूवर किती माणसे गेली याचा खात्रीचा आकडा नाही, पण बेटावरची अनेक कुटुंबे त्यात संपली. जी उरली, त्यांनी हा प्रसंग मुलांना सांगायचे ठरवले. ठरवले म्हणजे काही ठराव वगैरे केला नाही. सांगत राहिली, एवढेच.

सांगण्याच्या या रीतीला तिथे ‘नाफी-नाफी’ म्हणतात. घरातल्या वडीलधाऱ्यांनी संध्याकाळी मुलांना जवळ घेऊन जुन्या गोष्टी सांगायच्या, त्यात घडलेले प्रसंग असतात आणि वागावे कसे हेही असते. आपल्या आजीच्या गोष्टींच्याच जातीचा हा प्रकार. २०२० साली सार्वजनिक आरोग्याच्या एका आंतरराष्ट्रीय नियतकालिकात स्टीफन सटन आणि सहकाऱ्यांनी सिमलूवरचा अभ्यास प्रसिद्ध केला, त्याच्या शीर्षकातच आज्यांचा मान आहे. शंभरहून अधिक वर्षे ही गोष्ट जिवंत ठेवली ती प्रामुख्याने आज्यांनी, सांगून आणि गाऊन. आपत्ती व्यवस्थापनाच्या बैठकांमध्ये आज्यांना कुणी बोलावत नाही. बोलवायला हवे, असे हा अभ्यास वाचताना वाटते. ‘नांदोंग’ नावाचा गाण्याचा पारंपरिक प्रकारही बेटावर आहे. त्यातून स्मोंगची गोष्ट मोठ्या प्रमाणावर गायली जाऊ लागली ती २००४ नंतर. त्याआधीचा भार घरातल्या गोष्टींवरच होता.

१९०७ ते २००४ म्हणजे ९७ वर्षे. स्मरणाच्या दृष्टीने हा काळ किती मोठा आहे, हे कळायला एक युरोपीय अभ्यास उपयोगी पडतो. झेक प्रजासत्ताकातल्या व्हल्टावा नदीच्या खोऱ्यात नऊ शतकांत वसलेल्या बाराशेहून अधिक गावांचा इतिहास संशोधकांनी तपासला. मोठा पूर आला की पुढची नवी वस्ती नदीपासून उंचावर बसते; आणि साधारण २५ वर्षे गेली की माणसे पुन्हा खाली, पाण्याजवळ घरे बांधू लागतात. एक पिढी. पूर पाहिलेली माणसे गेली की धाकही जातो. हा निष्कर्ष २०१९ साली प्रसिद्ध झाला. तिथे लेखी नोंदी होत्या, चर्चची दप्तरे होती, इमारतींच्या भिंतींवर पुराच्या खुणा होत्या. तरीही विसर पडला. सिमलूवर लिहिलेले जवळपास काही नव्हते आणि तीन-चार पिढ्या ही आठवण टिकली.

यामागचे एक कारण गोष्टीच्या रचनेत दिसते. तिच्यात आकडे नाहीत, तारीख लक्षात ठेवावी लागत नाही. कसलेही यंत्र लागत नाही. इशारा स्वतःच्या पायांना कळतो: जमीन साधारण मिनिटभर जोराने हलली, तर निघायचे. कुठे, तेही ठरलेले आहे. सिमलूवर किनाऱ्यामागे लगेच टेकड्या आहेत, ही त्यातली मोठी सोय. सपाट किनारपट्टीवर हीच गोष्ट इतकी कामाला आली असती का, याचा विचार करायला हवा. पळायला उंच जागाच नसेल तर शब्द काय करणार!

दुसरे कारण मानसशास्त्रातले. संकटाचा इशारा मिळाल्यावर माणसे लगेच पळतात, असा आपला समज असतो. प्रत्यक्षात बहुतेक जण आधी घुटमळतात. शेजाऱ्याला विचारतात, घरच्यांना फोन लावतात, बाहेर डोकावून बाकीचे काय करताहेत ते पाहतात. आपत्तींचा अभ्यास करणाऱ्या समाजशास्त्रज्ञांनी ही घुटमळ वारंवार नोंदली आहे आणि तिच्यापायी जाणारी मिनिटे मोजलीही आहेत. यात मूर्खपणा नाही. एकट्याने पळून हसे करून घेण्यापेक्षा खात्री करून घेणे हा माणसाचा स्वभाव आहे. लांगीत घुटमळायला वेळ नव्हता. तिथे एकाने ‘स्मोंग’ म्हटले की दुसऱ्याला खात्री करून घ्यायची गरज उरत नव्हती, कारण तोच शब्द त्याच्याही आजीने त्याला सांगितलेला होता. सगळ्यांना ठाऊक आहे, हे सगळ्यांना ठाऊक असणे: शब्दाची ताकद यात होती.

याच्या शेजारी त्या सकाळचे यंत्रांचे वेळापत्रक ठेवून पाहू. हवाईतल्या पॅसिफिक त्सुनामी इशारा केंद्राने भूकंपानंतर साधारण १५ मिनिटांनी पहिली सूचना काढली. त्यात भूकंपाची तीव्रता ८ अशी अंदाजली होती. खरी तीव्रता ९ च्या वर होती. इतका मोठा भूकंप मापायला त्या काळच्या पद्धतींना वेळ लागत असे. सूचना निघाली तेव्हा लांगी गाव उरलेले नव्हते आणि गावकरी टेकडीवर होते. मॅकअडू आणि सहकाऱ्यांनी लिहून ठेवले आहे की, पंधरा मिनिटांत इशारा देणारी अत्याधुनिक यंत्रणा असती तरी इथे तिचा काही उपयोग झाला नसता.

याउलट तमिळनाडूच्या किनाऱ्यावर लाट पोहोचायला दोन तासांहून अधिक वेळ लागला. दोन तासांत किनारा रिकामा करता येतो. पण तिथे ना यंत्र होते ना शब्द. भारतात दहा हजारांहून अधिक माणसे गेली. हैदराबादच्या ‘इन्कॉइस’ या संस्थेत आपले त्सुनामी इशारा केंद्र सुरू झाले ते त्यानंतर, २००७ साली. दूरवरून येणाऱ्या लाटेसाठी अशी केंद्रे लागतातच. घराशेजारी उठणाऱ्या लाटेचे गणित वेगळे.

सुमात्राच्या मुख्य भूमीवर जान्तांग नावाच्या किनारी गावाचाही मॅकअडू यांनी अभ्यास केला. तिथे मृत्यूंचे प्रमाण सिमलूपेक्षा कितीतरी जास्त होते. आचे प्रांतात एकूण दीड लाखाहून अधिक माणसे गेली. बांदा आचे शहरात भूकंपानंतर समुद्र मागे हटला तेव्हा काही जण मासे वेचायला खाली गेले. सिमलूच्या १९०७ च्या गोष्टीत आहे नेमके तेच. आचेनी भाषेतही अशा लाटेसाठी ‘इए बेउना’ हे जुने नाव होते. पण त्याच्याभोवतीची गोष्ट विरली होती. नाव उरले, ते ऐकून काय करायचे हे सांगणारे कुणी उरले नव्हते.

सुलावेसी बेटावरच्या पालू शहराची कथा याहून विदारक आहे. तिथल्या मूळ रहिवाशांची कैली भाषाही याच कुळातली. त्या भाषेत ‘नालोडो’ असा शब्द आहे. जमीन चिखलासारखी पातळ होऊन घरेदारे गिळते, त्यासाठी. भूकंपात पाणथळ मातीचे कण सुटे होतात आणि घट्ट जमीन द्रवासारखी वाहू लागते, असे आज विज्ञान सांगते. कैलींना हे पिढ्यान्‌पिढ्या ठाऊक होते. पुढे शहर वाढले, बाहेरची माणसे आली आणि इंडोनेशियन भाषेत व्यवहार सुरू झाले. पेटोबो आणि बालारोआ या भागांत वसाहती उभ्या राहिल्या. २८ सप्टेंबर २०१८ रोजी ७.५ तीव्रतेचा भूकंप झाला, काही मिनिटांत लाट आली, आणि पेटोबो व बालारोआतली घरे जमिनीत गडप झाली. त्या आपत्तीत मृत आणि बेपत्ता मिळून चार हजारांहून अधिक माणसे होती. घर घेताना जागेची चौकशी करणाऱ्या माणसाला तो शब्द कळत असता तर? या प्रश्नाला पुराव्याने उत्तर देता येत नाही, पण तो मनातून जातही नाही.

अंदमान समुद्रात थायलंड आणि म्यानमारच्या बेटांवर राहणारे मोकेन लोकही ऑस्ट्रोनेशियन भाषा बोलतात. त्यांच्याकडे या लाटेचे नाव ‘लाबून’. २००४ मध्ये सुरिन बेटांवरच्या मोकेनांनी समुद्राची चाल बदललेली पाहिली आणि ते उंचावर गेले; गाव वाहून गेले, माणसे जवळपास सगळी वाचली. म्हणजे सिमलूची गोष्ट एकटीदुकटी नाही.

मात्र या शब्दावर भाबडा विश्वास ठेवण्यातही धोका आहे, आणि तो सांगायलाच हवा. ‘जोराने हलले तर पळा’ हा नियम जोराने न हलवणाऱ्या भूकंपापुढे फसतो. असे भूकंप असतात. समुद्रतळाचा भाग झटक्यात न तुटता संथपणे सरकतो. किनाऱ्यावर हलकेसे झुलल्यासारखे वाटते, पण पाणी मात्र भरपूर ढवळले जाते. जपानी भूकंपशास्त्रज्ञ हिरू कानामोरी यांनी १९७२ साली यांना ‘त्सुनामी भूकंप’ असे नाव दिले. मौज अशी की, कानामोरी आणि सहकाऱ्यांनी २०१० साली १९०७ च्या भूकंपाचे जुने आलेख पुन्हा तपासले, तेव्हा सिमलूला शब्द देणारा तो भूकंपही याच जातीचा ठरला.

त्याच वर्षी, २५ ऑक्टोबर २०१० रोजी, माळेतल्याच मेंतावाई बेटांवर याचा प्रत्यय आला. रात्री ७.८ तीव्रतेचा भूकंप झाला. पण झुलणे मंद होते. तीन वर्षांपूर्वी, २००७ मध्ये, त्याच लोकांनी कितीतरी जोराचे धक्के अनुभवले होते आणि तेव्हा तिथे मोठी लाट आली नव्हती. त्यामुळे अनेक जण घरातच थांबले. चारशेहून अधिक माणसे गेली. यातून शास्त्रज्ञ आता किनाऱ्यावरच्या लोकांना सांगतात की, धक्क्याच्या जोरापेक्षा तो किती वेळ चालला याकडे लक्ष द्या. हलके असले, पण थांबतच नसले, तरी निघा. सिमलूच्या गोष्टीत ‘मिनिटभर’ हे माप आहेच. ते जपले आणि ‘जोराने’ या शब्दाचा हट्ट थोडा सैल केला, की जुनी गोष्ट नव्या ज्ञानाशी जुळते.

आणखी एक. नियम पाळणारा माणूस कधीतरी फुकट पळणारच. प्रत्येक मोठ्या धक्क्यामागे लाट येत नाही. सिमलूच्या लोकांना हे माहीत आहे. फुकट पळण्याची किंमत म्हणजे टेकडीवर काढलेला तास-दोन तास, आणि ती द्यायला ते तयार असतात. २००४ नंतर तीनच महिन्यांनी, २८ मार्च २००५ च्या रात्री अकराच्या सुमारास, सिमलू आणि नियासच्या दरम्यान ८.६ तीव्रतेचा भूकंप झाला. अंधार होता, आधीचे घाव ताजे होते. लोक पुन्हा टेकड्यांवर गेले आणि लाटा पुन्हा आल्या.

आपल्या किनाऱ्याचा या विषयाशी संबंध नाही, असे वाटत असेल तर २८ नोव्हेंबर १९४५ ची नोंद पाहावी. त्या पहाटे आजच्या पाकिस्तानातल्या मकरान किनाऱ्यालगत मोठा भूकंप झाला. त्यातून उठलेली लाट सकाळी मुंबईला पोहोचली आणि इथेही माणसे वाहून गेली. मुंबईत राहणाऱ्या किती जणांना हे ठाऊक असेल? भरती, ओहोटी, उधाण हे शब्द मराठीत घरचे आहेत. या लाटेसाठी मात्र बहुतेक मराठी घरांमध्ये नाव आले ते २००४ च्या डिसेंबरात, वर्तमानपत्रांतून आणि टीव्हीवरून, थेट जपानीतून. ‘सुनामी’ लिहायचे की ‘त्सुनामी’, यावर तेव्हा बराच खल झाला. समुद्र अचानक मागे हटला तर काय करायचे, यावर तेवढा झाल्याचे आठवत नाही.

सिमलूवर आज काय चालले आहे? ‘स्मोंग’ हा शब्द बेटाबाहेर पडला आहे. इंडोनेशियात आपत्तीशिक्षणाचा विषय निघाला की त्याचा उल्लेख होतो, संशोधक त्याच्यावर लिहितात, त्याची गाणी लोकांपर्यंत गेली आहेत. शब्दाला प्रतिष्ठा मिळाली, ही चांगलीच गोष्ट. ज्या भाषेने तो दिला, तिची स्थिती मात्र तशी नाही. शाळा इंडोनेशियन भाषेत, सरकारी काम इंडोनेशियन भाषेत, टीव्ही आणि मोबाइलही. देवायान आणि सिगुलाई या प्रामुख्याने घरात आणि गावात बोलायच्या भाषा राहिल्या. त्यांच्यात छापील वाङ्‌मय नाही म्हटले तरी चालेल. त्यांची पद्धतशीर नोंद करणाऱ्या थोड्या अभ्यासकांत हान्स केलर हे जर्मन भाषाशास्त्रज्ञ महत्त्वाचे. सिगुलाईचा त्यांचा तुलनात्मक शब्दसंग्रह १९५९ साली आला आणि सिमलूच्या भाषेचा कोश १९६१ साली. काम मोलाचे आहे, पण तो कोश जर्मन भाषेत अर्थ सांगतो. सिमलूवरच्या नातीला आजीचा एखादा शब्द अडला, तर तिला आधी जर्मन शिकावे लागेल.

प्रश्न असा आहे की भाषा क्षीण झाली तरी एकटा शब्द टिकेल का. टिकेलही, पाठ्यपुस्तकात, फलकावर, संस्थांच्या नावांत. पण आचेचे उदाहरण समोर आहे. तिथेही नाव होतेच. २००४ मध्ये सिमलूवर जे घडले, त्यात शब्दाइतकाच त्याच्याभोवतीच्या संध्याकाळींचा हात होता. आजी सांगते ते मुलाला कळते, कंटाळा येईपर्यंत पुन्हा पुन्हा ऐकावे लागते आणि पुढे तेच मूल आपल्या मुलांना सांगते. शाळेत तासाला शिकवलेला धडा परीक्षेनंतर किती दिवस लक्षात राहतो, हे आपण सगळेच जाणतो.

काही अभ्यासक म्हणून दोन्ही गोष्टी एकत्र करायला सुचवतात. शाळेत स्मोंग शिकवायचा असेल तर तो देवायानमधून, सिगुलाईतून शिकवावा आणि सांगायला गावातल्या वयस्कर स्त्रियांना बोलवावे. याला खर्च फारसा नाही. समुद्रात बसवलेल्या इशारा देणाऱ्या तरंगत्या यंत्रांचा अनुभव इंडोनेशियाने घेतला आहे. २००४ नंतर मोठ्या खर्चाने ती बसवली गेली आणि २०१८ मध्ये पालूला लाट आली तेव्हा देखभालीअभावी ती बंद पडलेली होती. देवायानमध्ये गोष्ट सांगणारी माणसे अजून आहेत. २००४ ची लाट ज्यांनी लहानपणी टेकडीवरून पाहिली, ती मुले आता तिशीच्या आसपास आहेत, आणि त्यांची मुले गोष्टी ऐकायच्या वयाची.